डाव्या काखेचा डाग

आमच्या गोदामात नवीन पोरगी कामाला लागली की पहिल्या दिवशी तिला तीन गोष्टी मिळायच्या: गळ्यात अडकवायचं कार्ड, केसांवर घालायची जाळी आणि मावशीचं "हात वर कर." पोरगी बिचारी हात वर करायची. गेटवर झडती होते तसलीच ही आणखी एक झडती असेल, असं तिला वाटायचं. मावशी कुर्त्यावरूनच तिच्या काखेत चार बोटं घालायची, दाबून बघायची, आधी डावी, मग उजवी, आणि म्हणायची, "काय न्हाय. जा." पोरगी लाजेनं लाल व्हायची, बाकीच्या खिदळायच्या. पाठीमागे सगळे मावशीला काखवाली म्हणायचे, आणि मीही म्हटलेलं आहे.

हे तिच्या नोकरीच्या शेवटच्या वर्षातलं. मी तिला ओळखायला लागले तेव्हा ती माणसांना हात लावत नसे. तेव्हा ती फक्त कपड्यांच्या काखा बघायची, आणि त्या बघण्यात तिचा हात धरणारं आमच्या त्या सगळ्या गोदामांत कोणी नव्हतं. तिच्या कामात ती एकदाच चुकली. ती चूक तिच्या एकुलत्या एका पोराच्या शर्टावर झाली, आणि त्या चुकीत मीही होते. म्हणून तर हे लिहायला बसले आहे, नाहीतर गोदामातल्या बायकांवर कोण लिहितं?

गोदाम भिवंडीजवळ, अंजूरच्या बाजूला. लोक घरबसल्या कपडे मागवतात, नाही आवडले की परत पाठवतात. ते परत आलेले कपडे आमच्याकडे यायचे. उघडायचे, तपासायचे, चांगले असले तर नव्या पिशवीत घालून पुन्हा रॅकवर. बरेच लोक शर्ट एकदा घालून, लग्न नाहीतर साखरपुडा उरकून, टॅग जागच्या जागी ठेवून, 'साइज बसली नाही' असं लिहून परत करतात, हे मला तिथे गेल्यावर कळलं. अशांना पकडायचं काम मावशीच्या टेबलाचं. टेबलावर एक ट्युबलाइट आडवी बसवलेली होती. मावशी शर्ट उलटा करायची, काख त्या ट्युबवर ताणायची आणि एका नजरेत निकाल द्यायची. निघण्यासारखा डाग असेल तर काढायचा, नसेल तर शर्ट बाद, लाल क्रेटमध्ये.

मी पडघ्याची. कंपनीची बस हायवेला उभी राहायची, तिथून मी चढायचे. पहिल्या दिवशी मला तिच्या हाताखाली दिलं तेव्हा तिनं माझ्या तोंडाकडे पाहिलंच नाही. आधी एक बाही बघितली, मग दुसरी.

"बसमधी उभी व्हतीस. डावा हात दांडीला. तोंड खिडकीकडं."

"तुम्हाला कसं कळलं?"

"उजवी वली हाय, डावी सुकी. वर धरलेल्या हाताला वारा लागतो."

मी तिथेच तिची चेली झाले.

तिचं सगळं आयुष्य तेलाच्या डागात गेलेलं होतं. लग्न होऊन अंजूरला आली ती शेतकऱ्याच्या घरात, पण नवरा भिवंडीत लूमवर जायचा. तो वारला तेव्हा पोरगा अजून शाळेतही नव्हता. मग तीच लूमच्या कारखान्यात गेली. मशीनचं काळं तेल उडून कोऱ्या कापडावर ठिपके पडतात. ते काढायला बायका बसायच्या. पंधरा-वीस वर्षं तिनं ते केलं. पुढे लूम बंद पडायला लागले, शेतांवर गोदामं उभी राहिली, आणि काळ्या तेलावरून ती लोकांच्या काखांवर आली. "दोन्हीबी तेलच," म्हणायची. "फरक येवढाच, मशीन खोटं बोलत न्हाय."

काखेवरून ती माणूस वाचायची. परत आलेल्या शर्टावर ना नाव असायचं ना गाव, पण मावशीला सगळं दिसायचं. हा नवरदेवाचा भाऊ, रात्रभर नाचलाय. हा पहिल्यांदा कुणाला तरी भेटायला गेला, डिओ तीनदा लावलाय. एकदा एक आकाशी शर्ट तिनं बराच वेळ ट्युबवर धरला आणि म्हणाली, "ह्यो कुणाला तरी घाबरला व्हता गं." तो शर्ट तिनं इतक्या हळू हातानं धुतला, जणू आत अजून तो माणूसच होता.

मी कामाला लागले त्याच सुमारास डबीतले डिओ बाजारात आले. फवारा नाही, काखेत फिरवायचा गोळा नाही. चपटी पत्र्याची डबी, वर पानाचं चित्र, आत मलम. खोबरेल, मेण आणि कसल्यातरी परदेशी झाडाचं लोणी. बोटानं काढून काखेत चोळायचं. नॅचरल म्हणे. मावशीला त्याचा भयंकर राग. "खोबरेल डोक्याला लावतात का काखंला? उद्या म्हणतील, काखंत नारळ फोडा." पण रागाइतकाच त्या डागाबद्दल तिला आदरही होता, कारण तो डाग लबाड होता. फवाऱ्याचा डाग पिवळा नि कडक पडतो, लगेच ओळखू येतो. हा पहिल्या दिवशी दिसतच नाही. वड्याखालच्या कागदासारखा नुसता ओलसर दिसतो. दोन दिवसांत धूळ धरतो, आणि आठवड्यानं बघावं तर तिथे हळदीसारखा पिवळा चांद.

तिची पद्धत मी अजूनही तशीच्या तशी पाळते. आधी पाणी लावायचं नाही, पाण्यानं तेल पसरतं. डागावर खडूची पूड दाबायची, खडू नसेल तर टाल्कम पावडर, आणि शर्ट तसाच दुपारपर्यंत ठेवून द्यायचा. पूड तेल पिते. मग ती झटकून भांडी घासायचं लिक्विड, दोनच थेंब, उलट्या बाजूनं बोटांनी चोळायचं. डबीत मेण असतं म्हणून पाणी कोमट. उकळतं नको, आणि ब्लीच तर नकोच नको, घामावर ब्लीच पडलं की पिवळं आणखी पिवळं होतं. मग धुवायचं, सावलीत वाळवायचं आणि पुन्हा ट्युबवर धरायचं. डाग पूर्ण गेल्याशिवाय इस्त्री फिरवायची नाही. हा तिचा सगळ्यात मोठा नियम. मी एकदा घाईत फिरवली. मावशीनं तो शर्ट बघितला, शांतपणे लाल क्रेटमध्ये टाकला आणि संध्याकाळपर्यंत माझ्याशी एक अक्षर बोलली नाही. सुटी होताना म्हणाली, "तेल भाडेकरू असतंय पोरी. इस्त्री केलीस की त्याच्या नावावर घर जालं."

तिला कुणाची भीडभाड नव्हती. एकदा मोठे पाहुणे गोदाम बघायला यायचे होते. आमचा सुपरवायझर नवा कोरा गुलाबी शर्ट घालून दारात उभा. मावशी त्याच्याजवळून गेली, थांबली, परत आली. "साहेब, काढा." तो म्हणाला, काय? "शर्ट. उजव्या बाजूला चांद पडतोय." तो नको नको म्हणेपर्यंत तिनं वरची दोन बटणं काढलीसुद्धा. पाहुण्यांची गाडी गेटमधून आत आली तेव्हा आमचा साहेब बनियनवर, आणि मावशी त्याच्या शर्टावर खडू दाबत बसलेली. साहेब पुढे आठवडाभर तिच्याकडे बघत नव्हता. पण त्यानं त्या दिवसापासून डबी लावल्यावर पंधरा मिनिटं थांबून मग शर्ट घालायला सुरुवात केली, हे मला त्याच्या काखेवरूनच कळलं.

आता पोराचं सांगते.

तिचा पोरगा घराण्यात पहिला पांढरा शर्ट घालून कामाला जाणारा. भिवंडीत एका खाजगी बँकेत लागला होता. दुकानोदुकानी फिरून खाती उघडून द्यायची. सहा महिने बघणार आणि मग कायम करणार, असं काम. चोवीस वर्षांचा, उंच, हसला की वरच्या ओठाला खाच पडायची. मला तो आवडायचा. सांगून टाकते, आता लपवून कुणाचं भलं होणार आहे? आमच्या दोन घरांत सोयरीक होण्यासारखी नव्हती, ते त्यालाही कळत होतं, मलाही. तरी तो डबा विसरल्याचं निमित्त करून मावशीला भेटायला गेटवर यायचा, आणि मी काहीतरी आणायच्या निमित्तानं गेटवर असायचे.

कामाला लागून दुसऱ्या महिन्यात त्याच्या मॅनेजरनं त्याला चारचौघांत ऐकवलं. घामाचा वास येतो, शर्टाला डाग आहेत, असा माणूस गिऱ्हाइकाच्या समोर कसा उभा करायचा? पोरानं त्याच संध्याकाळी ती पानाच्या चित्राची डबी विकत घेतली. वास थांबला, पण डाग वाढले. आणि मग मावशी कंबर कसून उभी राहिली. पोराची नोकरी म्हणजे त्याच्या पाच पांढऱ्या शर्टांच्या दहा काखा, एवढं साधं गणित तिनं मांडलं. तिच्या बाजूनं ते बरोबरच होतं. जगात जे जे तिला येत होतं ते सगळं त्या दहा काखांत कामाला येणार होतं.

ती शर्ट पिशवीत घालून गोदामात आणायची. जेवणाच्या सुटीत आम्ही दोघी भाकरीचा घास तोंडात आणि शर्ट ट्युबवर. तिनं त्याला आधी डबी फेकून दे म्हणून सांगितलं. वासाच्या भीतीनं त्यानं फेकली नाही. मग वाटाण्याएवढंच घे म्हणाली. लावल्यावर पंधरा मिनिटं हात वर करून पंख्याखाली उभा राहा म्हणाली. वरून पावडर लाव म्हणाली. आत बनियन सक्तीचं केलं. शेवटी जुन्या मलमलीचे अर्धगोल कापून प्रत्येक शर्टाच्या काखेत आतून टाचले, रोज सोडवून धुवायचे आणि पुन्हा टाचायचे. एवढं कुठल्या राजाच्या अंगरख्यालाही कोणी केलं नसेल.

उजव्या काखा साफ झाल्या. डाव्या होईनात.

हे मीच आधी बोलले. दोन मलमली शेजारी शेजारी धरल्या होत्या. डावीवरचा चांद मोठा होता, आणि मधोमध घासल्यासारखा.

"मावशी, डावीकडेच का एवढा?"

ती लगेच म्हणाली, "उजव्या हातानं डाव्या काखंत जास्त लागतं. डावा हात कमजोर, त्यो उजवीकडं कमी लावतो."

इतकं पटण्यासारखं होतं ते. बसच्या दांडीवरून मला ओळखणारी बाई, तिच्या म्हणण्यावर मी काय शंका काढणार? मी मान डोलावली आणि खडू घेतला.

शर्ट पाठीवरही भिजायला लागले. ती म्हणाली, बाइकवर उन्हात फिरतो. उशीचा अभ्रा ओला निघायला लागला. ती म्हणाली, पत्र्याच्या खोलीत उकडतं. शर्ट अंगावर ढगळ पडायला लागले, तेव्हा तिनं बाजूच्या शिवणी उसवून आत घेतल्या, आणि दीड महिन्यानं पुन्हा घेतल्या. मला उचलून दाखवला तो शर्ट. "बग, कसं फिटिंग बसलं. साहेबासारखा सडपातळ जालाय." ती त्याला विचारायची, नाही असं नाही. "येवढा घाम का रं येतो?" आणि तो म्हणायचा, "काय न्हाय गं, आये."

त्या दिवसांत एका रविवारी आम्ही तिघं अकलोलीला गेलो. गोदामाला सुटी होती आणि मी तिथली गरम पाण्याची कुंडं पाहिलेली नव्हती, म्हणून मावशीनंच जायचं काढलं. तिथेही तिचं आपलं चालूच. कुंडात हात घालून म्हणाली, "येवढ्या कढत पाण्यात डाग बसंल, निघायचा न्हाय." बायका कडेला पाय सोडून बसल्या होत्या, पुरुष पलीकडे उघड्या अंगानं डुंबत होते. तिचा पोरगा एकटा बनियन घालून उतरला. ओलं बनियन अंगाला चिकटलेलं, आणि डावा हात अंगाशी धरलेला. मावशी मला कोपरानं ढोसून म्हणाली, "बग, बनियन काढलं न्हाय. ऐकतो माझं." तिच्या तोंडावर किती समाधान होतं! मीही हसले. त्यानं पाण्यातून आमच्याकडे बघून उजवा हात हलवला.

सहावा महिना संपला आणि तो कायम झाला. मावशीनं सगळ्या टेबलांवर पेढे वाटले, सुपरवायझरलाही दिला. त्या शनिवारी ती म्हणाली, आता ह्या उसवून शिवलेल्या शर्टात नको, याला मापाचे नवीन दोन शिवू. मला बरोबर घेतलं, कापड तू निवड म्हणाली. भिवंडीत तिच्या ओळखीचा एक म्हातारा टेलर होता, लूमच्या काळापासूनचा. त्यानं छाती घेतली, गळा घेतला आणि मुंढ्याचं माप घ्यायला टेप काखेतून वर ओढली. टेप अडकली. त्यानं बोट घातलं. मग टेप गळ्यात टाकली आणि मावशीकडे वळला.

"अम्मा, ये बगल में क्या है इसके? नींबू के जैसा."

मावशी काउंटरवरचं कापड उजेडात धरून बघत होती. ते तिनं नीट घडी करून ठेवलं. पोरापुढे येऊन उभी राहिली.

"हात वर कर."

त्यानं केला. दुकानात आणखी दोन गिऱ्हाइकं होती. तिनं त्याच्या शर्टावरून काखेत हात घातला आणि तिथेच ठेवला. मी तिच्या तोंडाकडे बघत होते, आणि आज सांगते, ते तोंड मला आयुष्यात पुन्हा बघायचं नाही.

"कवापासनं?"

"तीनेक महिने झालं असतील. दुखत न्हाय, म्हणून…"

"बोललास का न्हाय?"

"तू बोलली व्हतीस ती डबी फेक म्हणून. मला वाटलं तिच्यामुळंच गाठ आली. तू ओरडशील."

टेलरनं दोघांना पाणी दिलं. कुणी प्यायलं नाही.

पुढचं लांबवण्यात अर्थ नाही. मुंबईच्या दवाखान्यात गाठीचा तुकडा काढला. लिम्फोमा म्हणतात तो गाठींचा कॅन्सर, आणि तो पोटापर्यंत गेलेला. डॉक्टर भला माणूस होता. त्यानं समजावलं की डबीचा, तेलाचा, डिओचा याच्याशी काही संबंध नाही. रात्रीचा घाम, वजन उतरणं, गाठ, ही याची लक्षणं असतात; लवकर आला असता तर गोष्ट वेगळी होती. मावशीनं त्याला एकच प्रश्न विचारला.

"शर्टात दिसत व्हतं का?"

"शर्टात काय दिसणार, बाई?" डॉक्टर म्हणाला.

मी तिच्या शेजारी होते. डाव्या मलमलीवरचा मधोमध घासलेला चांद, दोनदा आत घेतलेल्या शिवणी, ओला अभ्रा. सगळं होतं शर्टात. आम्ही दोघींनी ते खडू लावून, लिक्विड लावून, कोमट पाण्यात धुऊन काढलं होतं.

कायम झालेला माणूस म्हणून तो अकरा दिवस कामावर गेला. नऊ महिन्यांनी गेला. मी शेवटचं भेटले तेव्हा त्याला मोठ्यांदा हसता येत नव्हतं, पण ओठाची खाच पडली.

मावशी दिवस झाल्यावर कामावर आली. पिशवीत त्याचे पाचही शर्ट होते. दिवसभर ती ते ट्युबवर धरून बसली, आणि संध्याकाळी एकेक करून तिनं ते स्वतःच लाल क्रेटमध्ये टाकले. डाग नव्हता. मीही ट्युबवर धरून बघितले होते, पाचांवरही नव्हता.

दुसऱ्या दिवसापासून तिचं "हात वर कर" सुरू झालं. आधी मी, मग आमच्या टेबलावरच्या, मग जो दिसेल तो. पोरी, हमाल, गेटवरचा वॉचमन, कुणी सुटला नाही. शर्टाकडे ती आता बघायचीच नाही. ट्युबवर धरायची आणि नजर भलतीकडे. एका झाडूवाल्याच्या काखेत तिला गाठ लागली. काम टाकून ती त्याला हाताला धरून दवाखान्यात घेऊन गेली. केसतोडा निघाला. त्यानंतर तर पोरं तिला बघितलं की दोन्ही हात वर करून पळायची. ती त्यांच्यामागे जायची. रागवायची नाही, हसायचीही नाही. रोज सकाळी मला "काय न्हाय. जा" म्हणायची तेव्हा मला लाज वाटायची, आणि कुठेतरी बरंही वाटायचं.

पण नव्या आलेल्या पोरींनी हे का सोसावं? एक तर रडली. त्यांचं चुकलं नव्हतं, अंगाला हात लावून घ्यायचा की नाही हा जिचा तिचा प्रश्न. त्याच आठवड्यात मला लीड केलं होतं, दहा जणींवर. तक्रार लिहायची तर लीडनं, म्हणून ती मी लिहिली. ती माझ्या अक्षरात आहे. ऑफिसातला माणूस चौकशीला खाली आला. सगळ्या पोरी रांगेत उभ्या होत्या. मावशीला वाटलं, नेहमीचीच रांग. ती सरळ माझ्यासमोर आली.

"हात वर कर."

दहा पोरी माझ्याकडे बघत होत्या, तो माणूस बघत होता. मी दोन्ही हात अंगाशी घट्ट धरले.

"नाही मावशी," मी म्हणाले.

तिचा हात पुढे आलेला होता. तिला वाटलं असेल, ऐकू आलं नाही मला. मग तिनं तो मागे घेतला. त्या माणसानं तिच्याकडून लिहून घेतलं, की यापुढे कुणाच्याही अंगाला हात लावणार नाही.

तिनं विचारलं, "कुणाच्याबी? पोरगी हो बोलली तरी?"

"कुणाच्याही," तो म्हणाला.

तिनं सही केली. ट्युबच्या टेबलावरून तिला खोक्यांना टेप मारायला बसवलं. महिनाभरात तिनं यायचं सोडलं, आणि तिच्या टेबलावर मी बसले.

मला तिच्या घरी जायला सात महिने लागले. रोज ठरवायचे, रोज काहीतरी निघायचं. खरं तर तोंड नव्हतं. शेवटी एका रविवारी रिक्षा करून अंजूरला गेले. घराच्या तिन्ही बाजूंना आता गोदामांचे पत्रे होते. ती ओट्यावर वाल सोलत बसली होती. केस पांढरे झालेले. मला बघून तिनं बसायला पोतं सरकवलं, पाणी दिलं, आईची चौकशी केली. माझ्या कुर्त्याकडे तिनं बघितलं नाही.

बोलण्यासारखं सगळं संपलं. मग मी उठून तिच्यासमोर उभी राहिले आणि डावा हात वर केला.

ती वाल सोलत राहिली. "खाली कर. लिहून दिलंय मी."

"तो कागद गोदामातला, मावशी. इथे कोण बघतंय?"

"कुणाच्याबी लिहिलंय. तुझ्यासमोर लिहिलंय." तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. "तूच घाल हात. नीट बग. आन मना सांग."

मी उजव्या हाताची चार बोटं डाव्या काखेत घातली. तिच्यासारखीच दाबली, वरून खाली. मग दुसरीकडे. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं होतं, तरी हात तसाच होता.

"काही नाही, मावशी," मी म्हणाले.

"त्योबी ह्येच बोलायचा," ती म्हणाली, आणि पदराला हात पुसत उठली.